उंबऱ्यावरची हाळी

१

आमच्या गावात काहीच वाळत नाही. धुकं एकदा उतरलं की भाडेकरूसारखं मुक्काम ठोकून बसतं. कधीमधी ते उठलंच, तर लोक रस्त्यावर येऊन एकमेकांच्या घरांचे रंग बघतात. बरणीतलं मीठ दगड होतं. दोनचार काड्या वाया घालवल्याशिवाय चूल पेटत नाही. लाकडी दारं फुगतात. आमचं पुढचं दार तर खांदा लावल्याशिवाय उघडतच नाही. "या दारानं माझा खांदा खाल्ला," असं आई रोज एकदा तरी म्हणते.

म्हणूनच धुलाईघर आतल्याला चिकटून बांधलेलं आहे.

आतलं म्हणजे काय, हे मला नीट सांगता येणार नाही. गावाच्या टोकाला एक भिंत आहे. तिला एक दार. दारापलीकडे खोल्या, खोल्यांमधून बोळ, बोळांमधून जिने, आणि पुन्हा खोल्या. कुणी बांधलं असं विचारलं की मोठी माणसं "कामाला लाग" म्हणतात. तिथली हवा बारा महिने कोरडी आणि कोमट. ओली चादर दोरीवर टाकावी, दुसरी पिळून होईपर्यंत पहिली कडक झालेली असते. इस्पितळाच्या चादरी, खानावळींची टेबलावरची कापडं, लोकांचे परकर, सदरे, सगळं आम्ही तिथं वाळवतो.

अडचण एवढीच, की आतलं जागच्या जागी राहत नाही. ज्या दारातून तुम्ही आलात ते, पाठ फिरवून पुन्हा वळलात, की दुसऱ्या भिंतीत असतं. किंवा नसतंच. खोली सरकताना कुणी पाहिलेली नाही. तुम्ही बघत असता तोवर सगळं शहाण्या मुलासारखं उभं असतं.

त्यामुळे काम जोडीनं चालतं. एकीनं आत जाऊन कपडे वाळत घालायचे, दुसरीनं उंबऱ्यावर उभं राहून हाळी घालायची. जोडीदारणीचं नाव, मग एक श्वास थांबायचं, मग पुन्हा नाव. आतली "ओ" देत राहते, आणि काम आटोपलं की हाळीच्या रोखानं चालत येते. भिंती बदलतात, पण आवाज जिथून येतो तिथूनच येतो. उंबऱ्यावरचीनं तिथून पाऊल हलवायचं नाही, आग लागली तरी. आतून ओ येईनासा झाला तर घसा बसेपर्यंत हाळी घालायची. घसा बसला की उंबरा दुसऱ्या जोडीला देतात.

माझी जोडी माझ्या सख्ख्या ताईशी होती. ती उंच, म्हणून धुलाईघरात तिचं नाव खांब. कामावरच्या पहिल्याच दिवशी कुणाच्या तरी हातून बादली पडली आणि मी मटकन खाली बसले, म्हणून माझं नाव दचकी. ताई आत जायची, मी हाळी घालायची. मी जरा जास्तच घालायची. "अगं, श्वास तरी घेऊ दे मला," ती आतून ओरडायची, "मेले नाहीये अजून!"

"आत असताना हाकेला ओ द्यायचा," मुकादमबाईंनी मला तेव्हाच बजावलं होतं. "आले म्हणायचं नाही."

"का?"

"आलेली असतेस का? नाही ना? मग आले कशाला?"

"पण ती बोलायची पद्धत असते हो. आले म्हणजे निघाले, येतेच आहे..."

"ते तुला माहीत." त्यांनी अंगठा भिंतीकडे केला. "ते ऐकून घेतं."

"ऐकून घेतं म्हणजे?"

"म्हणजे ऐकून घेतं. चल, पिळायला बस."

"हिनं कॉलेजात तर्कशास्त्र घेतलं होतं, मुकादमबाई," ताई टबातून मान वर न करता म्हणाली. "हिला प्रत्येक गोष्टीचा का लागतो."

"मग इथं का आली?"

"तर्काला नोकरी मिळेना."

सगळ्या जणी हसल्या. मीही हसले. त्या हसण्याची आता मला फार आठवण येते.

२

त्या दिवशी ताईचं मनगट मुरगळलं. ओल्या फरशीवर घसरली आणि हातावर पडली. मुकादमबाईंनी फडकं करकचून बांधलं आणि म्हणाल्या, "आज दचकी आत, खांब उंबऱ्यावर."

"मी?"

"नाहीतर काय चादरी चालत जातील?"

ताईनं माझ्या कमरेवर टोपलं चढवलं. "घाबरू नकोस. मी हाळी घालते ना. तुझ्यासारखी तोफ नाही डागणार, पण घालते."

मी आत गेले.

मला वाटलं होतं अंधार असेल. नव्हता. तिथं उजेड असतो, पण दिवा कुठंच नसतो. धुतलेल्या कापडाचा असतो तसा उजेड. भिंती चुन्याच्या, जमीन दगडी आणि अनवाणी तळव्यांना उबदार, कुणीतरी नुकतंच उठून गेलेल्या जागेसारखी. आधीच्या बायकांनी बांधलेल्या दोऱ्या एका भिंतीतून दुसरीत गेलेल्या. मी पहिली चादर टाकली. तिचं पाणी टपटप खाली पडलं आणि बघता बघता जमिनीनं पिऊन टाकलं. डागसुद्धा राहिला नाही.

"दचकेऽ"

"ओऽ"

एका भिंतीत कोनाडा होता. टोपल्याचा अडसर नको म्हणून मी ते त्यात ठेवलं. चादरीची घडी झटकली, वळले. टोपलं सपाट भिंतीपाशी जमिनीवर होतं. कोनाडा नव्हता. मी खूप वेळ त्या भिंतीकडे बघत राहिले, आणि मग माझ्या लक्षात आलं की मी तिच्याकडे बघतेय म्हणजे बाकीच्या तिन्ही भिंतींकडे माझी पाठ आहे.

"दचकेऽ"

"ओ! ओ!"

"एकच ओ पुरे!" ताई लांबून हसली.

तिचं हसणं ऐकून जीव भांड्यात पडला. मी भराभर चादरी टाकत सुटले. आवाज कधी डावीकडून यायचा, कधी समोरून, पण यायचा. म्हणजे मीच फिरत होते. शेवटच्या चादरीची टोकं जुळवत होते तेवढ्यात ताईनं अगदी आईचा सूर काढला. आई जेवायला बोलावते तसा, शेवटी हेल काढून.

"दचकेऽ, चल गं, ताटं वाढलीत!"

"आले!" मी म्हणाले.

तोंडातून निघून गेलं. जन्मभर त्या हाकेला मी दुसरं उत्तर दिलेलं नाही. मी तिथंच उभी राहिले, तोंडावर हात ठेवून. काहीही झालं नाही. भिंत पडली नाही, उजेड हलला नाही. समोरची चादर मी बाजूला सारली, आणि पलीकडे, हाताच्या अंतरावर, उंबरा होता. उंबऱ्यावर ताई.

एवढ्या जवळ तो असेल असं वाटलं नव्हतं.

"बघ," ताई म्हणाली, "आलीस की नाही?"

३

घरी आल्यावर पुढच्या दाराला मी सवयीनं खांदा लावला आणि आत जाऊन पडले. दार नुसत्या बोटानं उघडण्यासारखं झालं होतं.

"सुतार आला होता का?" मी गुडघा चोळत विचारलं.

"नाही गं. हवा बदललीय," आई म्हणाली. ती चुलीपुढं बसली होती. तिनं काडी ओढली. पहिल्याच काडीला जाळ धरला. तिनं काहीच नवल केलं नाही. दुसरी काडी हातात तयारही ठेवलेली नव्हती.

जेवताना मी मीठ घ्यायला बरणी वाकडी केली, आणि ते वाळूसारखं भसकन ताटात ओतलं गेलं. ताई हसली. आई हसली. मीही हसायला लागले, पण माझं लक्ष न्हाणीघराबाहेरच्या दोरीकडे गेलं. सकाळी आईनं तिच्यावर आपलं लुगडं टाकलं होतं. आमच्याकडे लुगडं वाळायला किती दिवस लागतील याचा नेम नसतो. आई आपली दोन्ही लुगडी आलटून पालटून ओलसरच नेसते. ते लुगडं वाळून कडक झालं होतं. वारा नसतानाही एक टोक ताठ उभं होतं.

हवा बदलते. बदलूच शकते. एका गोष्टीवरून निष्कर्ष काढू नये, हे आम्हाला पहिल्या वर्षी शिकवतात.

४

आमच्या आईचं "आले" हा घरातला जुना विनोद आहे. तिला हाक मारावी, ती "आले, आले" म्हणते, आणि मग भांडी विसळते, ओटा पुसते, शेजारणीशी दोन शब्द बोलते, तेव्हा कुठं येते. "आईचं आले म्हणजे पुढच्या महिन्यात," असं ताई म्हणायची.

पुढच्या दिवसांत कधीतरी, मी माजघरात वेणी घालत होते. फणी सापडेना. "आई!" मी हाक मारली.

"आले."

ती दारात उभी होती. शब्द अजून पुरता संपलाही नव्हता. ओला हात नाही, पदराला पुसणं नाही, पायांचा आवाज नाही. दारात उभी, माझ्याकडे बघत, हसरी.

"काय गं?"

"काही नाही. फणी."

"ही काय, समोर."

फणी समोर होती.

मग मला चाळाच लागला. मी मुद्दाम हाक मारायची. आई परसात असो, गच्चीवर असो, "आले" म्हणायची आणि दारात असायची. ताईचंही तेच. एकदा मी ताई बाहेर गेलीय हे नीट बघून, खिडकीतून तिची पाठ गल्लीच्या वळणावर दिसेनाशी होईपर्यंत थांबून, अगदी हळू, ओठांतल्या ओठांत म्हटलं, "ताई."

"आले," ती माझ्या मागं म्हणाली.

मी किंचाळले. ती पोट धरून हसली. "दचकी ती दचकीच! अगं, पाकीट विसरले होते, परत आले."

पाकीट तिच्या हातात होतं. ते पटण्यासारखं होतं. प्रत्येक गोष्ट सुटी घेतली की पटण्यासारखीच असायची. स्वयंपाकघरातून माजघरात येताना पूर्वी वळावं लागायचं असं मला वाटत होतं, आता सरळ येता यायचं. पण मी त्या वळणाकडे कधी लक्ष देऊन पाहिलं होतं का? ज्या घरात माणूस लहानाचं मोठं होतं, त्याचा नकाशा काढ म्हटलं तर किती जणांना येईल?

रात्री झोपताना मी भिंतीकडे तोंड करत नसे. पाठीकडे काय होईल याची भीती वाटायची.

"तुझं मनगट?" एका सकाळी मी ताईला विचारलं. ती भरलेला हंडा त्याच हातानं उचलत होती.

"काय झालं मनगटाला?"

"मुरगळलं होतं ना. फडकं बांधलं होतं."

ती थांबली. विचारात पडलेलं माणूस थांबतं तशी नाही. एखादा शब्द नीट ऐकू आला नाही की थांबतं तशी. मग म्हणाली, "हां. ते. बरं झालं." आणि हंडा उचलून गेली. तिच्या मनगटावर फडक्याचा वळसुद्धा नव्हता.

तेव्हा माझी खात्री झाली, की त्या दिवशी उंबऱ्यावरून माझ्याबरोबर घरी आली ती माझी ताई नव्हे.

ही खात्री चुकीची होती. पण तेव्हा मला तेवढीच सुचत होती.

५

कामावर पुन्हा पहिल्यासारखं झालं. ती आत, मी उंबऱ्यावर. मी हाळी घालायची, "खांबऽ", आणि आतून उत्तर यायचं, "आले!" लगेच चादर बाजूला व्हायची आणि ती रिकामं टोपलं घेऊन समोर.

"अगं, आले काय म्हणतेस?" पहिल्यांदा मी घाबरून म्हटलं. मुकादमबाई शेजारीच कपडे मोजून घेत होत्या. मी त्यांच्याकडे बघितलं. आता त्या खवळतील, सगळ्यांना फैलावर घेतील.

"आली ना?" त्या गोड आवाजात म्हणाल्या. "मग झालं तर."

मुकादमबाईंचा आवाज गोड नाही. कधीच नव्हता.

आणि त्याच वेळी मला ते ऐकू आलं. आतून, फार लांबून, कितीतरी भिंतींच्या पलीकडून. आधी वाटलं कान वाजतायत.

"दचकेऽ"

मग एका श्वासाएवढी शांतता.

"दचकेऽ"

ताईचा आवाज. ताई माझ्यासमोर उभी होती, टोपलं कमरेवर, ओठ मिटलेले.

"कोण हाक मारतंय आत?" मी विचारलं.

"कुठं?"

"दचके म्हणून."

दोघींनी एकमेकींकडे पाहिलं. मग ताईनं माझ्या खांद्यावर हात ठेवला. हात कोरडा होता, उबदार होता. "आतलं जुने आवाज धरून ठेवतं गं. कापड वास धरतं तसं. तू लक्ष देऊ नकोस. ओ देऊ नकोस हं."

"ओ कशाला देईन? मी तर बाहेर आहे."

"तेच म्हणते मी," ताई म्हणाली.

६

तरी मी रोज ऐकत राहिले. उंबऱ्यावर उभी असले की बाकीच्यांच्या गप्पांखाली, पिळलेल्या कपड्यांच्या चापटण्याखाली तो आवाज असायचा. मला वाटायचं, खरी ताई आत अडकली आहे आणि मी तिच्या जागी भलतीलाच घरी नेऊन जेवायला वाढते आहे. तिला बाहेर कसं काढावं? मी हळूच, कुणी बघत नसताना, "खांबऽ" म्हणायची. त्याला उत्तर यायचं नाही. ती माझ्या हाकेला ओ देत नव्हती. ती आपली माझंच नाव घेत राहायची.

हेच मला खटकलं. आत हरवलेलं माणूस कसं ओरडतं, हे धुलाईघरातल्या प्रत्येकीला माहीत असतं. "मी इथं आहे," म्हणतं. रडतं. देवाला, आईला, जो आठवेल त्याला बोलावतं. हा आवाज रडत नव्हता. नाव, श्वास, नाव. श्वासात फरक नाही, दिशेत फरक नाही. एकाच जागी उभं राहून, पाऊल न हलवता, दुसऱ्याला बाहेर काढण्यासाठी घालतात ती हाळी.

मी उंबऱ्याच्या दगडावर हात टेकवला. दगड कोमट होता. तळव्यांखालची धुलाईघराची फरशी, जिच्यावर दिवसभर टब सांडत होते, कोरडी ठणठणीत होती. एक बाई माझ्यासमोर चादर पिळत होती. पाणी खाली पडलं आणि बघता बघता नाहीसं झालं. डागसुद्धा राहिला नाही.

मी डोळे मिटले. तर्कशास्त्रात एक जागा येते, जिथं सगळी विधानं मांडून झालेली असतात आणि निष्कर्ष तेवढा लिहायचा राहतो. पोरं तिथं पेन चावत बसतात.

ताई आत नव्हती.

"दचकेऽ"

आवाज फाटला होता. शेवटचा स्वर नुसता वारा होऊन निघत होता. किती दिवस ती तिथं उभी होती, मुरगळलेला हात छातीशी धरून? आणखी किती पुरेल तो घसा? उद्या कदाचित नाही. मग मुकादमबाई, खऱ्या, खरखरीत आवाजाच्या मुकादमबाई, तिला दंडाला धरून बाजूला करतील, उंबरा दुसऱ्या जोडीला देतील, आणि त्या जोडीतली कुणी माझं नाव घेणार नाही.

"काय झालं गं?" शेजारची म्हणाली. जिला मी इतके दिवस ताई म्हणत होते ती.

"काही नाही."

"रडतेस?"

"नाही."

"चल, घरी जाऊ. आई वाट बघतेय."

मी मान वर केली, तर आई खरंच दारात उभी होती. धुलाईघराच्या दारात, जिथं आई कधी येत नाही. हसरी, कोरड्या लुगड्यात, खांदा न दुखणारी. तिनं हात पुढं केला. "आलीयस ना बाळा?" ती म्हणाली. "मग आता कुठं जायचं?"

समजा मी चुकत असले तर? समजा हीच माझी आई, हवा बदलली आहे, मनगटं बरी होतात, आणि मी एका आवाजामागं उंबरा ओलांडून आतल्यात जाते आहे, जिथून कुणी मला काढणार नाही? दोन्हीकडे सारखंच पटण्यासारखं होतं. फक्त एकीकडे घसा बसत चालला होता.

"ओऽ" मी म्हणाले, आणि आत शिरले.

७

त्यांनी मला अडवलं नाही. हे मला सगळ्यात भयंकर वाटलं.

पहिल्या चादरीपाशी मी मागं वळून पाहिलं. पाहायला नको होतं. आई आणि ताई उंबऱ्यावर होत्या, पण त्या माझ्याकडे बघत नव्हत्या. दोघींच्या मध्ये कुणीतरी खाली बसलं होतं, माझ्याकडे पाठ करून, आणि आई त्या व्यक्तीची वेणी घालत होती. वेणीच्या टोकाला माझी रिबीन होती. आईनं काहीतरी विचारलं. खाली बसलेली मान न हलवता म्हणाली, "आले." माझ्याच आवाजात. समाधानानं.

मी पळत सुटले.

चादरी, खोली, बोळ. सगळ्या चादरी वाळलेल्या, कागदासारख्या करकरत अंगाला घासून जाणाऱ्या. जिना वर गेला आणि खालच्या खोलीत उघडला. आमचं माजघर लागलं, वळणासकट, आणि त्याच्या चारी भिंतींत दारं होती. मी थांबले नाही. डोळे घट्ट मिटून घेतले आणि नुसते कान पुढं करून चालत राहिले.

"दच..."

"ओ! ताई, ओ!"

मधली शांतता लांबत होती. एकदा तर इतकी लांबली की मी उभ्या जागी गोल फिरले, आणि फिरल्यावर आता तोंड कुठं होतं तेही कळेना. मी श्वास रोखला. लांब कुठंतरी दोरी कुरकुरत होती.

"...केऽ"

समोरून. अगदी समोरून. मी हात पुढं करून चालले आणि माझी बोटं कशावर तरी आपटली. चादर. थंड. मी ती दोन्ही मुठींनी धरली, तोंडाशी ओढली. ओली होती. साबणाचा वास येत होता, आणि त्याखाली धुक्याचा, आमच्या गावाचा, कधीच न वाळणारा. पलीकडून गारवा येत होता. कुणीतरी टब ओतला. कुणीतरी खरखरीत आवाजात म्हणालं, "बास कर आता, खांब. रक्त येईल घशातून."

"ओ!" मी जीव खाऊन ओरडले. "ताई! ओ! मी इथं आहे!"

पलीकडे सगळं गप्प झालं.

मग मी पावलं ऐकली. ओल्या फरशीवर अनवाणी, धावत. मग दगडावर. माझ्याकडे.

"नको!" मी ओरडले. "ताई, तिथंच थांब! उंबरा सोडू नकोस! मी येते! मीच येते!"

तिच्या मागून मुकादमबाई काहीतरी ओरडल्या, पण तो शब्द मध्येच तुटला, दार लावल्यासारखा. चादर उडाली. ताई होती. तिचे केस ओले होते, डोळे सुजलेले, फडकं बांधलेला हात छातीशी. तिनं दुसऱ्या हातानं मला मानेमागून धरलं आणि इतक्या जोरात ओढलं की आमची कपाळं आपटली. तिचा हात घामेजलेला होता, गार होता. माझी ताई होती. याबद्दल मला तेव्हा शंका नव्हती आणि आताही नाही.

"किती हाका मारल्या गं," ती म्हणाली. आवाज राहिलाच नव्हता, नुसते ओठ हलत होते. ती हसत होती, रडत होती. "बहिरी कुठली."

मी तिला घट्ट धरून उभी राहिले. तिच्या खांद्यावरून मला चादर दिसत होती. चादरीच्या काठाला एक थेंब लोंबला, जाड झाला, पडला. मी दुसऱ्या थेंबाची वाट बघत राहिले. डोळे चुरचुरायला लागले तरी पापणी मिटली नाही. मी बघत होते तोवर चादर होती, आणि चादरीमागं गारवा होता, असं मला वाटतं.

"ताई," मी म्हणाले, "हलू नकोस. मागं बघू नकोस. उलट्या पावलांनी चल, मी सांगते तशी."

"काय?"

"उलटी चल. माझ्याकडे बघत."

"वेडी झालीस का तू?" तिनं माझे गाल पुसले, जसे लहानपणी पुसायची, दोन्ही अंगठ्यांनी. "अगं, इथंच तर आहे दार. हे काय."

आणि ते मला दाखवायला ती हसत हसत मागं वळली.